वाचकांचे प्रश्न : व्हर्जिनिया वुल्फ, त्यांचे वाचन आणि ग्रंथालयात वाढलेली मुलगी

इंग्रज लेखिका व्हर्जिनिया वुल्फ यांच्या ‘द कॉमन रीडर’ या निबंधसंग्रहाला 2025 मध्ये शंभर वर्षे पूर्ण झाली. त्या निमित्ताने या सदराकडे आलेल्या पत्रांपैकी बहुतेकांत कादंबरीकार वुल्फ यांच्याविषयी फारसे विचारलेले नाही. वाचक आणि समीक्षक म्हणून त्या कशा घडल्या, मुलगी म्हणून वाढताना पुस्तकांनी त्यांना काय दिले आणि काय दिले नाही, असे प्रश्नांचे स्वरूप आहे. एकाच आशयाची पत्रे एकत्र करून आणि लांबलेली पत्रे आटोपशीर करून येथे उत्तरे देत आहे.

प्रश्न : मी इंग्रजी साहित्याची विद्यार्थिनी आहे. वुल्फ यांची कादंबरी पुनःपुन्हा हाती घेते आणि अर्ध्यावर ठेवते. निबंधांपासून सुरुवात केली तर ती पळवाट ठरेल का?

उत्तर : मुळीच नाही. ‘द कॉमन रीडर’ 23 एप्रिल 1925 रोजी प्रसिद्ध झाले आणि ‘मिसेस डॅलोवे’ ही कादंबरी त्यानंतर तीन आठवड्यांनी, 14 मे रोजी. दोन्ही पुस्तके व्हर्जिनिया आणि त्यांचे पती लेनर्ड यांच्या होगार्थ प्रेसनेच काढली. त्या काळात वुल्फ कादंबरी आणि निबंध आलटून पालटून लिहीत असत, त्यामुळे एकाच लेखणीची ही दोन कामे आहेत आणि त्यांतले एक दुसऱ्याची पायरी आहे असे मानण्याचे कारण नाही.

मात्र ‘द कॉमन रीडर’ पहिल्या पानापासून क्रमाने वाचण्याचा हट्ट धरू नका. प्रास्ताविकानंतरचा पहिलाच निबंध पेस्टन घराण्याच्या पंधराव्या शतकातील पत्रांवर आणि मध्ययुगीन इंग्रज कवी चॉसरवर आहे. तो उत्तम आहे, पण नवख्या वाचकाला अडखळायला लावणाराही आहे. त्याऐवजी जेन ऑस्टिनवरील निबंध आधी वाचा. थोर कादंबऱ्यांची स्तुती करण्याआधी वुल्फ तेथे ऑस्टिनने मुलगी असताना भावंडांच्या करमणुकीसाठी लिहिलेल्या गमतीच्या कथांकडे जातात आणि आपल्या कोपऱ्यात बसून जगाला हसणारी पंधरा वर्षांची मुलगी आपल्यापुढे उभी करतात. घरातल्यांना वाटते की ती खेळत आहे, आणि ती मात्र पुढच्या शतकांसाठी लिहीत आहे, हे त्यांनी ज्या चपळाईने दाखवले आहे त्यावरून त्यांच्या समीक्षेची जात कळते. त्यानंतर ‘हाउ शुड वन रीड अ बुक?’ हा दुसऱ्या मालिकेतील, म्हणजे 1932 च्या संग्रहातील शेवटचा निबंध घ्या आणि मग ‘अ रूम ऑफ वन्स ओन’. इतके झाल्यावर कादंबरीकडे परत जावेसे वाटले तर जा. न वाटले तरी कोणाचा अपराध होत नाही.

प्रश्न : वुल्फ यांच्या वडिलांनी त्यांना पंधराव्या वर्षी घरातले संपूर्ण ग्रंथालय खुले करून दिले होते, असे वाचले. माझी मुलगीही पंधरा वर्षांची आहे आणि हाताला लागेल ते वाचते. तिला अडवावे की नाही, यावर घरात मतभेद आहेत. वुल्फ यांच्या उदाहरणातून काय घ्यावे?

उत्तर : हकिगत खरी आहे, पण ती बहुधा अर्धीच सांगितली जाते.

वडील लेस्ली स्टीफन हे ‘कॉर्नहिल मॅगझीन’चे संपादक आणि पुढे ‘डिक्शनरी ऑफ नॅशनल बायोग्राफी’ या ब्रिटिश चरित्रकोशाचे पहिले संपादक होते. लंडनमधील 22, हाइड पार्क गेट या उंच, अरुंद आणि माणसांनी भरलेल्या घरात त्यांची अभ्यासिका वरच्या मजल्यावर होती, आणि तेथून पुस्तके खाली येत व वाचून परत जात. व्हर्जिनिया तेरा वर्षांच्या असताना, 1895 मध्ये, आई गेली. 1897 च्या जुलैमध्ये आईच्या पहिल्या विवाहापासूनची मुलगी स्टेला, जिने त्या काळात या भावंडांना सांभाळले होते, तीही गेली. त्याच 1897 साली पंधरा वर्षांच्या व्हर्जिनियाने ठेवलेली रोजनिशी उपलब्ध आहे, आणि मेकॉलेचा इंग्लंडचा इतिहास, कार्लाइल अशी जाडजूड नावे तीत एकामागून एक येतात. हे वाचन हौसेचे होते तसेच आधाराचेही होते, हे विसरून चालणार नाही.

वडिलांच्या जन्मशताब्दीला, नोव्हेंबर 1932 मध्ये, ‘द टाइम्स’साठी लिहिलेल्या लेखात वुल्फ यांनी या मोकळिकीचा उल्लेख केला आहे. कोणतीही काटछाट न केलेले मोठे ग्रंथालय पंधरा वर्षांच्या मुलीच्या स्वाधीन करण्याविषयी आजही काही आईबापांच्या मनात शंका येईल, पण वडिलांच्या मनात ती आली नाही, असे त्या सांगतात. जे आवडते ते आवडते म्हणून वाचावे आणि जे आवडले नाही त्याचे कौतुक करण्याचे सोंग कधीही करू नये, एवढाच वडिलांचा वाचनाविषयीचा धडा होता. लेखनाविषयीचा धडाही तेवढाच लहान होता : जे म्हणायचे आहे ते नेमके, स्पष्ट आणि कमीत कमी शब्दांत म्हणावे.

आपल्या घरातील मतभेदासाठी मला याहून उपयोगी वाटते ती दुसरी एक आठवण. ती वडिलांच्या निधनानंतर 1906 मध्ये निघालेल्या त्यांच्या चरित्रासाठी वुल्फ यांनी लिहून दिली होती. वडील संध्याकाळी मुलांना मोठ्याने वाचून दाखवत. वॉल्टर स्कॉटच्या वेव्हर्ली कादंबऱ्यांचे बत्तीस खंड त्यांनी असे वाचले, आणि शेवटचा संपला की पहिल्यापासून पुन्हा आरंभ करायला ते तयार असत. प्रत्येक खंड संपल्यावर ते गंभीरपणे मुलांचे मत विचारत. कोणते पात्र सर्वांत आवडले आणि का, हे प्रत्येकाला सांगावे लागे. एकदा एका भावंडाने जिवंत वाटणाऱ्या खलनायकापेक्षा नायक आवडल्याचे सांगितले, तेव्हा वडील चांगलेच संतापले होते. म्हणजे मुलांना मोकळे सोडले होते, पण वाऱ्यावर सोडले नव्हते. पुस्तक निवडण्याचे स्वातंत्र्य होते, त्याचबरोबर मत देण्याची आणि ते मत का दिले हे सांगण्याची सवयही होती. आपण मुलीच्या हातातले पुस्तक काढून घेण्याऐवजी ते संपल्यावर तिला असा प्रश्न विचारलात आणि तिच्या उत्तरावर प्रामाणिकपणे भांडलात, तर अडवावे की नाही हा वाद बराचसा निरर्थक ठरेल, असे मला वाटते.

आता उरलेली अर्धी गोष्ट. ग्रंथालय खुले करणाऱ्या याच वडिलांनी मुलांना शाळेत आणि केंब्रिजला पाठवले, मुलींना नाही. थोरला भाऊ थोबी 1899 मध्ये ट्रिनिटी कॉलेजात गेला आणि सुट्टीत घरी येऊन ग्रीक नाटकांविषयी आणि शेक्सपिअरविषयी बोलू लागला, तेव्हा बहिणीला त्या चर्चेची गोडी लागली आणि आपल्याला काय नाकारले गेले आहे हेही दिसले. ‘थ्री गिनीज’ या 1938 च्या पुस्तकात त्यांनी या खर्चाला थॅकरेच्या ‘पेंडेनिस’ या कादंबरीतून घेतलेले ‘आर्थरचा शिक्षणनिधी’ हे नाव दिले आहे. सुशिक्षित घराण्यांनी पिढ्यानपिढ्या मुलग्यांसाठी भरलेला आणि बहिणींच्या वाट्याचे पैसे गिळून मोठा झालेला हा निधी. वडिलांवर त्यांचे प्रेम होते, तरीही 28 नोव्हेंबर 1928 च्या रोजनिशीत त्यांनी लिहून ठेवले आहे की वडील आज असते तर शहाण्णव वर्षांचे झाले असते, आणि तसे झाले असते तर आपले आयुष्य संपूनच गेले असते, ना लेखन झाले असते ना पुस्तके.

तेव्हा मुलीला कपाट उघडे करून द्या, पण उघडे कपाट हा महाविद्यालयाच्या शुल्काला पर्याय आहे असे मात्र समजू नका. स्टीफन यांनी नेमके तेच केले होते.

प्रश्न : वुल्फ यांनी कधीच औपचारिक शिक्षण घेतले नाही, हे विधान बरोबर आहे का?

उत्तर : पूर्णपणे बरोबर नाही. शाळेत त्या गेल्या नाहीत, पण 1897 पासून काही वर्षे लंडनच्या किंग्ज कॉलेजच्या महिला विभागात त्यांनी ग्रीक, लॅटिन आणि इतिहासाचे वर्ग केले. विख्यात समीक्षक वॉल्टर पेटर यांची बहीण क्लारा पेटर या त्यांच्या शिक्षिकांपैकी एक होत्या, आणि नंतर जॅनेट केस यांनी त्यांना घरी ग्रीक शिकवले. पदवी मात्र नव्हती. ‘ऑन नॉट नोइंग ग्रीक’ हा निबंध वाचताना तो ग्रीक न येणाऱ्या बाईने लिहिलेला नाही हे ध्यानात ठेवावे. त्यातले अज्ञान व्यक्तिगत नाही. हजारो वर्षांपूर्वीची भाषा नेमकी कशी उच्चारली जात होती, लोक कुठे हसत होते, हे कोणालाच कळणार नाही, असा त्याचा रोख आहे.

प्रश्न : ज्या घरात नोकरचाकर होते आणि भिंतीभर पुस्तके होती, त्या घरातल्या लेखिकेने स्वतःला ‘सामान्य वाचक’ म्हणवून घेणे हा ढोंगीपणा नाही काय? (एक निवृत्त शिक्षक)

उत्तर : आपला आक्षेप निम्मा मान्य करतो.

‘कॉमन रीडर’ हे शब्द वुल्फ यांचे नाहीत, ते अठराव्या शतकातील समीक्षक सॅम्युएल जॉन्सनचे आहेत. कवी थॉमस ग्रे याच्या चरित्रात जॉन्सनने म्हटले होते की विद्वत्तेच्या सूक्ष्म कसोट्यांपेक्षा, वाङ्मयीन पूर्वग्रहांनी न बिघडलेल्या सामान्य वाचकाच्या जाणिवेवर काव्याच्या कीर्तीचा अंतिम निर्णय सोपवावा. वुल्फ यांनी या वाचकाला आकार दिला. तो समीक्षक नाही आणि पंडितही नाही, त्याचे शिक्षण त्यांच्याहून कमी झालेले आहे, ज्ञान देण्यासाठी किंवा इतरांची मते सुधारण्यासाठी तो वाचत नाही, स्वतःच्या आनंदासाठी वाचतो, आणि जे तुकडे हाती लागतील त्यांतून एखाद्या माणसाचे वा काळाचे काहीतरी सलग चित्र उभे करण्याची त्याची धडपड असते. या वर्णनातला वाचक व्याकरणाने पुरुष असला तरी त्यात मला विद्यापीठाबाहेर ठेवलेली आणि वडिलांच्या कपाटातून स्वतःचा अभ्यासक्रम जुळवणारी ती मुलगीच दिसते. त्या अर्थाने हे शब्द वुल्फ यांना लागू पडतात, आणि ढोंग हा शब्द मला अन्यायाचा वाटतो.

मात्र वाचायला मिळणारा निवांत वेळ हा त्यांच्या घरात दुसऱ्या कोणाच्या तरी श्रमांतून येत होता, हे या व्याख्येत कुठेही दिसत नाही. आक्षेपाची खरी जागा ही आहे. 1940 मध्ये त्यांनी ब्राइटन येथे कामगार शिक्षण संघटनेपुढे ‘द लीनिंग टॉवर’ हे व्याख्यान दिले. साहित्य ही कोणाची खासगी जमीन नाही, ती सर्वांची सामाईक जमीन आहे, आणि ‘आत शिरणाऱ्यावर कारवाई होईल’ अशी पाटी दिसली की ताबडतोब आत शिरावे, असा सल्ला त्यांनी तेथे दिला. हा सल्ला त्यांनी एका थोर व्हिक्टोरियन पदयात्रिकाच्या नावावर सांगितला आहे, आणि ते वर्णन त्यांच्या वडिलांनाच लागू पडते. सार्वजनिक ग्रंथालयातून पुस्तके उसनी आणा, चाळा, चुका, तुलना करा, असे त्या श्रोत्यांना सांगतात. हे सगळे उत्तम आहे, पण त्या व्याख्यानात त्या ‘आपण बाहेरचे लोक’ असे म्हणत कामगार श्रोत्यांच्या रांगेत स्वतःला सहज बसवतात, तेथे मीही थबकतो. कुंपणाच्या बाहेर असणे आणि कुंपणाजवळच्या बंगल्यात असणे यांत अंतर आहे. विद्यापीठाने नाकारलेली मुलगी आणि चौदाव्या वर्षी कामाला लागलेला मुलगा एकाच अर्थाने वंचित नव्हते, आणि वुल्फ यांना हे ठाऊक नसेल असे मानणे कठीण आहे.

प्रश्न : मी नुकतीच पुस्तकपरीक्षणे लिहू लागले आहे. ज्येष्ठ लेखकाचे पुस्तक फसले असे वाटले तरी लेखणी आपोआप गोडगोड लिहू लागते. वुल्फ यांनाही असे होत असे का?

उत्तर : होत असे, आणि त्यांनी त्यावर फार मोकळेपणाने लिहिले आहे. आपला प्रश्न या सर्व पत्रांत मला सर्वांत जिव्हाळ्याचा वाटला.

वुल्फ यांची पहिली परीक्षणे डिसेंबर 1904 मध्ये एका चर्चविषयक साप्ताहिकात आली आणि पुढच्याच वर्षापासून त्या ‘टाइम्स लिटररी सप्लिमेंट’साठी लिहू लागल्या. जानेवारी 1931 मध्ये नोकरी-व्यवसाय करणाऱ्या स्त्रियांपुढे त्यांनी एक भाषण केले, ते आज ‘प्रोफेशन्स फॉर विमेन’ या नावाने वाचले जाते. पहिल्या लेखाचे मानधन एक पौंड, दहा शिलिंग आणि सहा पेन्स आले आणि त्याचे आपण भाकरी किंवा भाडे न भरता एक पर्शियन मांजर घेतले, असे त्या तेथे हसत सांगतात. पुढचा भाग हसण्यासारखा नाही. प्रसिद्ध पुरुष लेखकाच्या कादंबरीचे परीक्षण लिहायला बसल्या की पाठीमागे एक बाई येऊन उभी राहत असे. कॉव्हेंट्री पॅटमोरच्या कवितेवरून त्यांनी तिला ‘घरातली देवदूत’ असे नाव दिले आहे. ती निःस्वार्थी, गोड आणि सदैव दुसऱ्याच्या सोयीने वागणारी आहे. ती कानाशी लागून सांगे की बाळ, तू तरुण मुलगी आहेस, हे पुस्तक एका पुरुषाचे आहे, तेव्हा सहानुभूतीने लिही, स्तुती कर, आणि तुला स्वतःचे मत आहे हे कोणाला कळू देऊ नकोस. शेवटी आपण शाईची दौत तिच्यावर फेकली आणि तिला ठार केले, नाहीतर तिने आपल्या लेखनाचा प्राण घेतला असता, असे वुल्फ म्हणतात. ती मरायला मात्र फार वेळ लागला, हेही त्या नमूद करतात.

आयुष्याच्या अखेरीस लिहिलेल्या ‘अ स्केच ऑफ द पास्ट’ या आठवणींत त्या पुन्हा याच विषयाकडे वळतात, आणि तेथे त्यांचा निवाडा अधिक गुंतागुंतीचा आहे. वयात आलेल्या मुलींनी दुपारी चहाच्या टेबलाशी बसून पाहुण्यांची सरबराई करायची, संभाषण वाहते ठेवायचे, कोणाला अवघडू द्यायचे नाही, हे शिक्षण हाइड पार्क गेटमध्ये कसोशीने दिले जात असे. ‘द कॉमन रीडर’मधले आपले जुने लेख चाळताना त्यांतला गुळगुळीतपणा, विनय आणि आडवळणाने मुद्द्यापर्यंत जाण्याची रीत आपल्याला जाणवते आणि त्याचा दोष आपण या चहाच्या टेबलावरील शिकवणीला देतो, असे त्या लिहितात. लाजऱ्या तरुणांपुढे बनांची बशी धरून साखर हवी का, साय हवी का असे विचारणारी मुलगी त्यांना त्या परिच्छेदांत दिसते. पण लगेच पुढे त्या म्हणतात की या रीतीचा एक फायदाही आहे. सरळ चालून जाऊन मोठ्याने सांगितल्या असत्या तर ज्या गोष्टी ऐकूच आल्या नसत्या, त्या अशा आडवाटेने हळूच सांगता येतात. एका समीक्षिकेने आपल्या शैलीची इतकी निर्दय चिकित्सा केल्याचे उदाहरण माझ्या वाचनात विरळा आहे.

आपण काय करावे? ‘हाउ शुड वन रीड अ बुक?’मध्ये वुल्फ वाचनाचे दोन भाग करतात, आणि परीक्षण लिहिणाऱ्याने तो निबंध वर्षातून एकदा तरी वाचावा असा आहे. पहिल्या भागात लेखकाला हुकूम सोडायचे नाहीत, त्याचा सहकारी आणि साथीदार व्हायचे, तो काय करू पाहतो आहे ते त्याच्या बाजूने समजून घ्यायचे. मग थांबायचे. वाचनाची धूळ खाली बसू द्यायची, दुसऱ्या कामाला लागायचे, आणि पुस्तक पूर्ण आकारात मनात परत आले की दुसरा भाग सुरू करायचा. हा भाग न्यायाधीशाचा आहे आणि त्यात दयामाया नाही. प्रत्येक पुस्तक त्याच्या प्रकारातल्या सर्वश्रेष्ठ पुस्तकाशेजारी ठेवायचे, आणि ज्या पुस्तकांनी आपला वेळ व सहानुभूती वाया घालवली त्यांना गुन्हेगार म्हणायलाही कचरायचे नाही. माझ्या अनुभवात गोडगोड परीक्षण बहुतेक वेळा पहिल्या भागातच लेखणी उचलल्यामुळे तयार होते. आपण अजून लेखकाच्या बाजूला उभ्या असता, म्हणून दोष दिसूनही शब्द मवाळ निघतात. पुस्तक मिटल्यावर काही दिवस जाऊ द्या. संपादक घाई करतील. त्यांना करू द्या.

प्रश्न : मी शाळेत भाषा शिकवते. मुलांचा शब्दसंग्रह वाढावा म्हणून याद्या पाठ करून घेते. वुल्फ यांनी शब्दांवरच एक भाषण दिले होते असे ऐकले. त्यात काही उपयोगाचे आहे का?

उत्तर : ते भाषण बीबीसीवर 29 एप्रिल 1937 रोजी ‘वर्ड्स फेल मी’ या मालिकेत झाले. ‘क्राफ्ट्समनशिप’ या नावाने ते छापील स्वरूपात मिळते आणि त्याच्या सुमारे आठ मिनिटांच्या भागाचे ध्वनिमुद्रण टिकून आहे. वुल्फ यांचा आवाज ऐकण्याचे तेवढेच साधन आज आपल्याकडे आहे. तो आवाज ठसठशीत आहे, क्वचित किंचित उपरोधिक, आणि ज्या सामाजिक वर्गाविषयी आधीच्या एका पत्रात आक्षेप आला आहे तो त्यात लपत नाही.

आपल्या याद्यांबाबत त्या भाषणाचे मत प्रतिकूल आहे. शब्द शब्दकोशात राहत नाहीत, मनात राहतात, असे त्या म्हणतात. अक्षरानुक्रमे लावलेले लाखो शब्द प्रत्येकाच्या हाताशी असताना उत्तम नाटके आणि कविता आपोआप का लिहिल्या जात नाहीत, असा त्यांचा सवाल आहे. शब्द जुन्या वापरांचे पडसाद घेऊन येतात. ‘इनकार्नाडाइन’ (रक्तासारखे लाल करणे) हा शब्द उच्चारला की ‘मॅकबेथ’मधले असंख्य लाटांचे समुद्र आठवल्याशिवाय राहत नाहीत. भुयारी रेल्वेत ‘रसेल स्क्वेअर जात आहे’ अशा अर्थाची पाटी पुनःपुन्हा वाचली की स्टेशन बाजूला राहते आणि सगळ्याच गोष्टी जात आहेत ही जाणीव त्याच शब्दांतून वर येते. शब्दांना कुळाची पर्वा नसते, राजघराण्यातले शब्द सामान्यांशी लग्न करतात, इंग्रजी शब्द मनात आले तर फ्रेंच, जर्मन आणि भारतीय शब्दांशीही संसार थाटतात, असेही त्या गमतीने सांगतात.

यातून वर्गात नेण्यासारखी एक गोष्ट आहे. यादीतला शब्द मुलांनी ज्या वाक्यात, कवितेत किंवा कोणाच्या तोंडी पहिल्यांदा ऐकला असेल त्या जागेसकट त्यांना आठवायला सांगा. आणि शक्य असेल तर मुलांना घरचे किंवा वर्गाचे हस्तलिखित वर्तमानपत्र काढायला लावा. स्टीफन भावंडांनी 1891 मध्ये ‘हाइड पार्क गेट न्यूज’ नावाचे असे घरगुती पत्र सुरू केले आणि ते काही वर्षे चालवले. त्याचा मुख्य भार नऊ-दहा वर्षांच्या व्हर्जिनियावर होता. मोठ्यांची थट्टा करायची, पण ती मोठ्यांनीच वाचायची आहे याचे भान ठेवून करायची, हे शब्दांचे शिक्षण कोणत्याही यादीहून कठोर आहे.

प्रश्न : ‘स्वतःची खोली आणि वर्षाला पाचशे पौंड’ एवढ्यावर ते सगळे पुस्तक उभे आहे का? पैसा इतका महत्त्वाचा मानणे खटकते.

उत्तर : ऑक्टोबर 1928 मध्ये केंब्रिजच्या न्यूनम आणि गर्टन या दोन महिला महाविद्यालयांत वाचलेल्या निबंधांतून ‘अ रूम ऑफ वन्स ओन’ हे पुस्तक झाले आणि पुढच्या वर्षी ऑक्टोबरमध्ये प्रसिद्ध झाले. त्यातली निवेदिका एका महाविद्यालयाच्या हिरवळीवर पाऊल टाकते तेव्हा तिला हाकलले जाते, आणि ग्रंथालयाच्या दारात एक सद्गृहस्थ हळू आवाजात सांगतात की महाविद्यालयाच्या फेलोबरोबर (अध्यापक-सदस्याबरोबर) असल्याशिवाय किंवा परिचयपत्र असल्याशिवाय स्त्रियांना आत प्रवेश नाही. वडिलांचे सगळे ग्रंथालय जिला खुले होते, तिने हा प्रसंग लिहावा, यातला डंख आता आपल्याला कळेल.

पाचशे पौंडांची हकिगत मराठी वाचकांना थोडी जवळची वाटेल. निवेदिकेची आत्या मेरी बेटन हवा खायला घोड्यावरून निघाली असता मुंबईत घोड्यावरून पडून मरते आणि तिने ठेवलेले वर्षाला पाचशे पौंड निवेदिकेला मिळतात. स्त्रियांना मताधिकार देणारा कायदा झाला त्याच सुमारास ही बातमी येते आणि दोहोंत आपल्याला पैसाच कितीतरी अधिक महत्त्वाचा वाटला, असे ती सांगते. मुंबई कथेतली आहे, वारसा मात्र अगदीच काल्पनिक नाही, कारण खुद्द वुल्फ यांना त्यांच्या आत्या कॅरोलाइन एमिलिया स्टीफन यांच्याकडून 1909 मध्ये अडीच हजार पौंड मिळाले होते. पैसा खटकतो असे आपण म्हणता, पण शेक्सपिअरच्या कल्पित बहिणीचे, ज्युडिथचे, प्रकरण पुन्हा वाचा. ती भावाचे एखादे पुस्तक उचलते, चार पाने वाचते, तोच आईवडील येऊन तिला मोजे शिवायला किंवा चुलीवरचे पाहायला सांगतात. तिच्याकडे प्रतिभेची वाण नव्हती. वाण होती ती दाराला आतून लावता येणाऱ्या कडीची आणि कोणाला जाब न देता काढता येणाऱ्या तासाभराची, आणि या दोन्ही गोष्टी विकत घ्याव्या लागतात. वुल्फ यांच्या युक्तिवादाला मी येथे काही जोडणार नाही. केंब्रिजने स्त्रियांना पूर्ण पदव्या 1948 मध्ये दिल्या, ही नोंद मात्र करून ठेवतो.

प्रश्न : वुल्फ यांनी स्वतःच्या बालपणाविषयी थेट कुठे लिहिले आहे? कोणती आवृत्ती घ्यावी?

उत्तर : वर उल्लेख आलेला ‘अ स्केच ऑफ द पास्ट’ हाच तो मजकूर. तो त्यांनी एप्रिल 1939 ते नोव्हेंबर 1940 या काळात, दुसऱ्या एका चरित्राच्या कामातून विसावा म्हणून, युद्धाच्या छायेत लिहिला. कॉर्नवॉलच्या किनाऱ्यावरील सेंट आइव्ह्ज येथील उन्हाळी घरातल्या शिशुखोलीत अर्धवट झोपेत ऐकलेल्या लाटा, आईच्या झग्यावरची लालजांभळी फुले, बागेतल्या एका रोपाकडे पाहताना हे फूल मातीसकट एकच आहे असे अचानक वाटणे, भाऊ थोबीशी हिरवळीवर मारामारी करताना दुसऱ्याला का दुखवायचे या विचाराने हात खाली पडणे, अशा क्षणांची ती मांडणी आहे. धक्का बसणे आणि मग त्याला शब्दांत बसवून त्याचे तुटलेले भाग जोडणे, यातच आपल्या लेखक असण्याचे मूळ आहे, असे त्या येथे म्हणतात. लहानपणी सावत्र भावाने केलेल्या गैरस्पर्शाविषयी आणि त्यातून आरशात पाहताना वाटणाऱ्या लाजेविषयीही त्यांनी येथे लिहिले आहे, ते वाचकाने माहीत असूनच पुस्तक हाती घ्यावे.

हा मजकूर त्यांच्या हयातीत छापला गेला नाही. 1976 मध्ये जीन शुलकाइंड यांनी संपादित केलेल्या ‘मोमेंट्स ऑफ बीइंग’ या पुस्तकात तो प्रथम आला. जुनी प्रत स्वस्तात मिळाली तरी घेण्यापूर्वी आवृत्ती पाहा. नंतर सापडलेल्या टंकलिखितातील मजकूर 1985 च्या दुसऱ्या आवृत्तीत घातला आहे आणि वडिलांविषयीची कितीतरी महत्त्वाची पाने त्यातूनच आली आहेत.